०=० आणि ०=२० : दोन्हींखाली ‘उत्तर नाही’ लिहू नका

दोन समीकरणं, दोन अज्ञात संख्या. एकाचा लोप करा, एकाची किंमत दुसऱ्यात घाला, आलेख काढा किंवा निश्चयक (अज्ञातांपुढच्या आकड्यांच्या तिरक्या गुणाकारांची वजाबाकी) मांडा, उत्तर तेच येतं. मला लोपाची रीत सगळ्यात आवडते, तिच्यात आकडेमोड आटोपशीर राहते. आलेखावरून उत्तर वाचायला मात्र मी कधीच सांगणार नाही. पेन्सिल जरा सरकली की छेदनबिंदूही सरकतो. असो, हे सगळं दहावीच्या मुलांना येतं.

गोंधळ होतो तो क्ष आणि य दोन्ही एकदम उडतात तेव्हा.

समजा, गुहागरच्या बाजारात तुम्ही २ शहाळी आणि ३ नारळ घेतले, १९० रुपये झाले. शहाळ्याचा भाव क्ष, नारळाचा य, म्हणजे २क्ष + ३य = १९०. शेजारच्या काकूंनी त्याच दुकानातून त्याच भावाने ४ शहाळी आणि ६ नारळ घेतले. त्यांचे ३८० झाले असतील, तर पहिल्या समीकरणाची दुप्पट दुसऱ्यातून वजा केल्यावर ०=० उरतं. ४०० झाले असतील, तर ०=२०.

वहीत दोन्हींखाली एकच वाक्य दिसतं: ‘उत्तर नाही.’ काही जण तर ‘उत्तर शून्य’ लिहितात, आणि ते वाचून माझा जीव कळवळतो. दोन्ही भाव शून्य धरून पाहा: शहाळी-नारळ फुकट आणि बिल १९०! (५य = ० आलं तर य खरोखर शून्य असतो, ती गोष्ट निराळी.)

०=० हे खरं विधान आहे. काकूंचं बिल तुमच्याच बिलाची दुप्पट आहे, त्यातून नवं काही कळलं नाही. दिसायला समीकरणं दोन, माहिती एकाचीच. म्हणून उत्तरं अनंत: शहाळं ३५ आणि नारळ ४० चालेल, ५० आणि ३० चालेल, २० आणि ५० सुद्धा. पण अनंत म्हणजे वाटेल ते नव्हे, आणि इथे हुशार मुलंही घसरतात. शहाळं ३५ आणि नारळ ४५ धरला तर बिल २०५ होतं, म्हणजे ही जोडी बाद. क्ष मनाला येईल तो घ्या, पण तो घेतलात की य ठरून जातो. शिवाय भाव पूर्ण रुपयांत आणि शून्याहून जास्त हवेत अशी अट घातली, तर अनंतातून फक्त ३१ जोड्या उरतात.

०=२० हे खोटं विधान आहे. दोन्ही बिलांना एकाच वेळी पुरी पडेल अशी एकही जोडी नाही. बाजारात याचा अर्थ सरळ आहे: मधे भाव बदलला किंवा कुणाची तरी बेरीज चुकली.

निश्चयकाने सोडवणारे इथेच फसतात. दोन्ही वेळा निश्चयक २×६ − ३×४, म्हणजे शून्यच. या रीतीत निश्चयकाने भागायचं असतं आणि शून्याने भागता येत नाही, म्हणून ‘उत्तर नाही’ लिहून ते मोकळे होतात. शून्य निश्चयक एवढंच सांगतो की एकमेव उत्तर नाही. निकाल लागतो उजवीकडच्या आकड्यावर. २/४ आणि ३/६ ही गुणोत्तरं सारखी आली की थांबू नका, तिसरं तपासा. १९०/३८० हेही निम्मंच, म्हणून आलेखात दोन्ही समीकरणांच्या रेषा एकमेकींवर बसतात. १९०/४०० निम्मं नाही, म्हणून रेषा समांतर. आलेख मला पटतो तो एवढ्यासाठी, हा फरक डोळ्यांना दिसावा म्हणून.

आता तिसऱ्या कुणी त्याच भावाने ४ शहाळी आणि १ नारळ घेतला, १८० रुपये झाले. काकूंचं बिल ३८० असेल, तर या नव्या बिलाने काम होतं: दुप्पट केलेल्या पहिल्या समीकरणातून हे वजा करा, ५य = २००, नारळ ४०, शहाळं ३५. काकूंचं बिल ४०० असेल, तर अशी आणखी दहा बिलं आणूनही उपयोग नाही. आधी कुठलं बिल चुकलं ते दुकानात जाऊन विचारावं लागेल.