कॅप्टिव्ह (चित्रपट)

खंडणीसाठी होणाऱ्या अपहरणांवरील फिलिपिनो चित्रपट (२०१२). दिग्दर्शक ब्रिल्यांते मेंदोसा. फ्रान्स, जर्मनी व ब्रिटन यांच्या सहनिर्मितीचा हा चित्रपट ६२ व्या बर्लिन महोत्सवाच्या स्पर्धा विभागात होता.

आधार दोस पाल्मास प्रकरणाचा आहे. २७ मे २००१ रोजी अबू सय्याफ या अतिरेकी गटाने फिलिपिन्समधील पालावान बेटाजवळच्या या पर्यटनस्थळावरून २० जणांना पळवून समुद्रमार्गे बासिलान बेटावर नेले. जूनच्या आरंभी तेथील लामितान शहरातल्या रुग्णालयाला लष्कराचा वेढा पडला असतानाही अपहरणकर्ते ओलिसांसह निसटले. यात लष्करातील काहींची खंडणीत भागीदारी होती, असा आरोप पुढे झाला. प्रकरणाचा शेवट ७ जून २००२ च्या चकमकीत झाला.

नायिका तेरेझ या फ्रेंच समाजसेविकेचे (इझाबेल युपेर) मूळ वादग्रस्त आहे. दोस पाल्मासच्या ओलिसांत १७ फिलिपिनो व ३ अमेरिकी होते, फ्रेंच कोणी नव्हते. त्यामुळे हे पात्र फ्रेंच भांडवलाची गरज म्हणून आले, असे म्हणता येते. तथापि एप्रिल २००० मध्ये मलेशियाच्या सिपादान बेटावरून याच गटाने पळवलेल्यांत फ्रेंच नागरिक होते. दोन घटनांचे धागे एका पात्रात गुंफले गेले, हे मत अधिक ग्राह्य वाटते. पटकथालेखकांपैकी पत्रकार आर्लिन देला क्रूझ २००२ मध्ये स्वतः ओलीस होत्या, हेही येथे ध्यानात घ्यावे लागते.

चित्रीकरणाची पद्धत विशेष उल्लेखनीय आहे. ओलीस व अपहरणकर्ते यांच्या भूमिका करणाऱ्या नटांना आधी एकमेकांपासून दूर ठेवले होते. युपेर यांची ‘अपहरणकर्त्यां’शी पहिली गाठ अपहरणाच्या दृश्यातच पडली. चित्रीकरण बव्हंशी घटनाक्रमाने झाले. त्यामुळे नटांचा थकवा आणि दोन्ही गटांत हळूहळू वाढणारी सलगी कृत्रिम वाटत नाही. छायालेखन ओडिसी फ्लोरेस यांचे. हातातला कॅमेरा माणसांच्या खांद्याला खांदा लावून जंगलातून चालतो.

युपेर २००९ च्या कान महोत्सवात परीक्षक मंडळाच्या अध्यक्ष होत्या. त्याच वर्षी मेंदोसा यांना तेथे सर्वोत्कृष्ट दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाला होता. इतर भूमिकांत कोको मार्टिन, रॉनी लाझारो, रुस्तिका कार्पियो.

अतिरेक्यांमुळे याला राजकीय चित्रपट म्हणण्याकडे कल दिसतो. पण ओलिसांची ऐपत जोखणे, फोनवरून रक्कम ठरवणे, पैसे पोहोचताच एकेकाला सोडणे हा व्यवहारच कथेला पुढे नेतो. म्हणून गुन्हेपट हे वर्गीकरण येथे स्वीकारले आहे.