‘आना इ ब्रुनो’ लावायचा कुठल्या खेळाला?

मेक्सिकोत पहिला पूर्ण लांबीचा अ‍ॅनिमेशनपट १९७६ साली आला. तरी ‘आना इ ब्रुनो’ हा मेक्सिकन अ‍ॅनिमेशनपट समजायला २००६ नंतरची करसवलत जास्त कामाची. कंपनीने आदल्या वर्षीच्या आयकराच्या १० टक्क्यांपर्यंत रक्कम चित्रपटात घालायची आणि तेवढी करातून वजा करायची, अशी ही सोय. मात्र एका चित्रपटाला कमाल २ कोटी पेसो. या सिनेमाचा खर्च १० कोटींच्या वर गेल्याचं छापून आलं. काम दहाएक वर्षं रेंगाळलं. अ‍ॅनिमेशनमध्ये पैसा तुकड्यातुकड्याने आला की अ‍ॅनिमेटर जाहिरातींकडे वळतात. मधल्या काळात सॉफ्टवेअर बदललं, तर पात्रांचे जुने रिग (त्यांना हलवणारे आतले सांगाडे) नव्या आवृत्तीत नीट चालत नाहीत आणि झालेले शॉट पुन्हा हाती घ्यावे लागतात.

गोष्ट १९४०च्या दशकातली. मनोरुग्णालयात दाखल झालेल्या आईसोबत आलेल्या आनाला तिथल्या रुग्णांचे भास चालतेबोलते दिसतात. दारूच्या अमलात दिसणारी गुलाबी हत्तीण त्यातलीच एक.

खरा घोळ प्रमाणपत्राचा. मेक्सिकोत ‘एए’ म्हणजे सात वर्षांखालच्या मुलांनाही समजेल असा, ‘ए’ म्हणजे सर्वांसाठी, ‘बी’ म्हणजे बारापासून पुढे. आईच्या आजाराने हादरलेल्या आठ-नऊ वर्षांच्या मुलासाठी यात वेगळा खण नाहीच. आपल्याकडे ‘यूए’चे ७, १३ आणि १६ असे तुकडे पडले तेही २०२४ मध्ये. त्यात पोस्टरवर त्या भासांपैकीच एक, हिरवा ब्रुनो दिसला की थिएटरवाला दुपारचा खेळ देऊन मोकळा. ज्या मोठ्यांसाठी शेवटची कलाटणी लिहिली आहे, ते त्या वेळी कामावर असतात.

सिनेमा २०१७ च्या जूनमध्ये फ्रान्समधल्या आनसी महोत्सवात दाखवला गेला. मेक्सिकोत लागला ३१ ऑगस्ट २०१८ ला. हॉलीवूडमध्ये नाव कमावलेल्या एका मेक्सिकन दिग्दर्शकाने ट्विटरवरून त्याची जोरदार शिफारस केली. तिथल्या कायद्याने देशी चित्रपटांना पडद्यावरच्या वेळेतला १० टक्के वाटा आणि प्रत्येकाला किमान एक आठवडा मिळतो. आठवडा कुठल्या खेळाला, हे मात्र कायदा सांगत नाही. शिवाय मुलांसाठीचे परदेशी चित्रपट स्पॅनिशमध्ये डब करायला पूर्वीपासूनच मुभा, म्हणून देशी अ‍ॅनिमेशनला घरच्या भाषेचा फायदाही नाही. शेजारच्या पडद्यावर त्याच स्पॅनिशमध्ये कितीतरी पट बजेटचा अमेरिकन अ‍ॅनिमेशनपट चालू असतो, आणि पालक तिकीट त्याचं काढतात.