सावन आधी, श्रावण नंतर: कल्पित जगाला पंचांग लावताना

नागपुरात आमच्या धरमपेठेतल्या बिल्डिंगमध्ये श्रावण दोनदा लागतो. आधी वरच्या मजल्यावरच्या भाभींकडे, कारण त्यांचं माहेर जबलपूरचं. मग पंधरा दिवसांनी आमच्याकडे. मधल्या दिवसांत त्यांचे सोमवार सुरू झालेले असतात आणि आमच्या घरातून सावजी रश्शाचा वास जिन्यात पसरलेला असतो. भाभी नाकाला पदर लावून म्हणतात, "हमारा तो सावन लग गया जी." आई म्हणते, "आमचा आषाढच आहे अजून."

हे लहानपणापासून बघूनही माझी चूक झालीच. एका कादंबरीसाठी मी ‘अंबोरी’ नावाचं जग रचतोय. एकच चंद्र, महिना बरोबर ३० दिवसांचा, वर्ष ३७० दिवसांचं. (आपल्या आकाशात असे गोल आकडे नाहीत, तिथे २९.५३ आणि ३६५.२४ वर भागवावं लागतं. निर्मात्याला तेवढी सूट असावी.) नदीकाठचे लोक अमावास्येला महिना संपवतात, पठारावरचे पौर्णिमेला. वहीत मी नियम लिहून ठेवला: पठाराची तारीख हवी असेल तर १५ दिवस सरकवा. सातव्या प्रकरणात सगळं कोसळलं. एकाच सूर्यग्रहणाच्या दोन तारखा निघाल्या आणि त्यातली एक भर पौर्णिमेला.

चूक कुठे होती ते २०२४ सालावरून नीट दिसतं. भाभींचा सावन २२ जुलैला लागला आणि १९ ऑगस्टला, राखीच्या दिवशी, संपला. आपला श्रावण ५ ऑगस्ट ते ३ सप्टेंबर. ५ ते १९ ऑगस्ट हा शुद्ध पक्ष दोघांचाही श्रावणच होता. राखी आम्ही एकाच दिवशी बांधली आणि दोघांच्याही पंचांगात ती श्रावणी पौर्णिमाच. पुढे २६ ऑगस्टला कृष्णजन्म झाला, तोही दोन्ही घरांत एकाच रात्री. पण आमच्या कॅलेंडरवर श्रावण वद्य अष्टमी, तर त्यांच्याकडे भाद्रपद कृष्ण अष्टमी. २ सप्टेंबरचा पोळा आमच्या लेखी श्रावण अमावास्या, त्यांच्या लेखी भाद्रपद अमावास्या. बैलाला काय, पुरणपोळी मिळाल्याशी मतलब.

तेव्हा आपली अमान्त (अमावास्येला महिना संपवणारी) आणि त्यांची पौर्णिमान्त (पौर्णिमेला संपवणारी) पद्धत म्हणजे एकमेकांमागे चालणारी दोन घड्याळं नाहीत. चंद्र तोच, तिथी तीच, पक्षही तोच. फक्त वद्य पंधरवड्याला अमान्तवाले मागच्या शुद्ध पक्षाचं नाव देतात आणि पौर्णिमान्तवाले पुढच्याचं. ‘पंधरा दिवसांचा फरक’ आपण म्हणतो तो महिना कधी लागतो एवढ्यापुरता. तारखेत तो पंधरा दिवसांचा कधीच नसतो. ‘श्रावण शुद्ध ५’ म्हणाल तर फरक शून्य. ‘श्रावण वद्य ८’ म्हणाल तर आख्खा एक महिना!

हे कळलं त्या दिवशी मी सातवं प्रकरण फाडलं आणि कादंबरीला कथानक मिळालं. नदीकाठचा राजा तहात लिहून देतो, ‘काजवा महिन्याच्या वद्य ८ ला पूल सोडू.’ पठारावरचं सैन्य आपल्या काजवा वद्य अष्टमीला, म्हणजे महिनाभर आधी, पुलावर हजर. पुलावर पहारा तसाच. खोटं कोणीच बोललेलं नाही, पण लढाई पेटते. त्याच तहात ‘शुद्ध ८’ असतं तर माझे चारशे सैनिक वाचले असते.

वर्षाच्या सुरुवातीला तर आणखी मजा. पौर्णिमान्त चैत्र होळीच्या पौर्णिमेनंतर लगेच लागतो, पण त्यांच्या विक्रम संवताचं नवं वर्ष मात्र आपल्या गुढीपाडव्यालाच, चैत्र शुद्ध प्रतिपदेला. म्हणजे चैत्राचा अर्धा महिना जुन्या वर्षात आणि अर्धा नव्या वर्षात. पठारावर जन्मलेल्या माझ्या कादंबरीतल्या जुळ्या बहिणी, तासाभराच्या फरकाने, एकाच महिन्यात आणि वेगवेगळ्या वर्षांत जन्मलेल्या आहेत.

अधिक मासाचं गणित अंबोरीत सोपं आहे: १२ महिन्यांचे ३६० दिवस, वर्षाला १० कमी, म्हणून दर तिसऱ्या वर्षी एक जास्तीचा महिना. आपल्याकडे वर्षाला सुमारे ११ दिवसांची तूट पडते, त्यामुळे अधिक साधारण साडेबत्तीस महिन्यांनी येतो. नदीकाठी तो आधी पूर्ण होतो आणि मग खरा काजवा लागतो. पठारावर तो खऱ्या महिन्याच्या पोटात शिरतो: आधी काजवा वद्य, मग अधिकाचे दोन्ही पक्ष, शेवटी काजवा शुद्ध. कुणाला हे मुद्दाम गुंतवलेलं वाटेल, पण २०२३ मध्ये नेमकं असंच झालं. भाभींचा सावन ४ जुलैपासून ३१ ऑगस्टपर्यंत ५९ दिवस चालला. त्यांना आठ सोमवार आले. आम्ही १७ ऑगस्टला निज, म्हणजे खऱ्या, श्रावणात शिरलो आणि चार सोमवारांत सुटलो. त्या वर्षी जिन्यात वाद झाला नाही, भाभी थकल्या होत्या.

दोन्हींतली जुनी कुठली, यावर मी अंबोरीत शेवटपर्यंत कुणाला बोलू देणार नव्हतो. मग भाभींचं पंचांग चाळताना एक आकडा दिसला. त्यांची अमावास्या महिन्याच्या मधोमध येते, तरी तिच्यापुढे १५ नाही, ३० लिहिलेलं असतं. आता पठाराच्या दप्तरखान्यात एक म्हातारा कारकून बसवलाय. तो रोज त्या ३० कडे बघतो आणि वरिष्ठांना काही सांगत नाही.