शेतातून टॉवर लाइन जातेय? हरकत, भरपाई आणि कोणते कागद लागतात

सकाळी पाणी भरायला वावरात जावं तर मधोमध फक्कीने चौकोन आखलेला, खुंट्या ठोकलेल्या, आणि विचारायला माणूस नाही. खान्देशात हे आता नवीन राहिलं नाही भाऊ. भुसावळजवळचं दीपनगरचं वीज केंद्र, साक्रीकडच्या पवनचक्क्या न् सोलर, धुळ्याहून वडोदऱ्याकडे गेलेली ७६५ केव्हीची लाइन, एवढी वीज कुणाच्या तरी शेतावरूनच जाणार. पण आपली सही नसताना हे आत आले कसे?

ते लाइन कोणती त्याच्यावर आहे. ११ केव्ही किंवा एलटीचे (कमी दाबाच्या लाइनचे) साधे पोल असतील तर २००६ चे नियम लागतात, म्हणजे मालकाची नाहीतर कसणाऱ्याची आधी संमती पाहिजे, आणि तुम्ही हरकत घेतली तर कंपनीला कलेक्टर किंवा नेमलेल्या अधिकाऱ्याची लेखी परवानगी आणावी लागते. मोठ्या टॉवरचं वेगळं. कंपनीकडे वीज कायदा २००३ च्या कलम १६४ खालचा सरकारी आदेश असला की तिला थेट १८८५ च्या टेलिग्राफ कायद्याचे अधिकार मिळतात आणि मग संमती लागत नाही, सुप्रीम कोर्टानेही हेच धरलंय. २०२३ चा नवा टेलिकॉम कायदा आल्यावर जुना रद्द झाला असं कुणी सांगेल, पण वीज लाइनींसाठी त्यातला तो भाग चालूच ठेवलाय. म्हणून पहिला अर्ज एकच, कलम १६४ च्या आदेशाची प्रत द्या. हा आदेश कंपनीच्या नावाने निघतो, तो नसेल तर त्यांना तुमची संमती किंवा कलेक्टरची परवानगी असल्याशिवाय आत येता येत नाही.

आदेश असेल आणि तुम्ही आडवे झालात तर टेलिग्राफ कायद्याच्या (पुढची कलमंही त्याचीच) कलम १६ खाली कलेक्टर काम करू देण्याचा हुकूम काढू शकतात, त्यानंतर अडवलं तर गुन्हा दाखल होतो. माझं स्पष्ट मत, जेसीबीपुढे झोपण्यात जी ताकद जाते ती पंचनाम्यात घाला. जमीन कंपनीची होत नाही, सातबारा तुमचाच राहतो, त्यांना फक्त वापराचा हक्क मिळतो आणि नुकसानीची पूर्ण भरपाई द्यायचं बंधन कलम १० मध्येच आहे.

आता पैशाचं. सगळे टॉवरच्या चार पायांवर भांडतात आणि तारेखालचा पट्टा विसरतात. केंद्राच्या जून २०२४ च्या मार्गदर्शक सूचनांत (६६ केव्ही आणि वरच्या लाइनींसाठी) टॉवरच्या जागेला जमिनीच्या किमतीच्या २०० टक्के आणि पट्ट्याला ३० टक्के धरलेत, टॉवरची जागा म्हणजे चार पायांमधली अधिक चहूबाजूंनी एकेक मीटर. समजा जमीन हेक्टरी ४० लाखाची, टॉवरची जागा १० बाय १० मीटर, तर हिशोब ८० हजार. आणि २२० केव्हीचा पट्टा साधारण ३५ मीटर रुंद, तुमच्या शेतात तो १०० मीटर लांब गेला तर ४ लाख २० हजाराच्या आसपास! बघा फरक. राज्याचा चालू जीआर कोणता लागतो त्याची प्रत प्रांत ऑफिसमधून घ्या आणि हिशोब त्यावरच लावा.

पिकं, झाडं, ठिबक, पाइपलाइन यांचं वेगळं. आमच्या रावेरकडच्या केळीत पंचनामा झाला तेव्हा कंपनीच्या माणसाने कापलेले खोड तेवढे मोजले, क्रेनच्या चाकाखाली दबलेल्या दोन ओळी आणि तुटलेल्या लॅटरल (ठिबकच्या नळ्या) राहून गेल्या, आबांनी वाचलं न वाचलं आणि सही ठोकली. तेव्हापासून मी सांगतो, कोऱ्या कागदावर सही नाही, मोजणी तलाठी न् कृषी सहायकासमोर, आणि निसवलेली (घड बाहेर पडलेली) केळी कोवळ्या बागेत लिहू देऊ नका. फोटो आदल्या दिवशीच काढून ठेवा, लोकेशन न् तारखेसकट.

कागद जास्त नाहीत. ताजा सातबारा न् ८-अ, ई-पीक पाहणीची नोंद, गटाचा नकाशा, आधार, पासबुक, नोटीस, पंचनाम्याची प्रत, विहीर किंवा पाइपलाइनची बिलं. सातबाऱ्यावर भावकीची पाच नावं असतील तर सगळ्यांचं संमतीपत्र आधीच करून ठेवा, नाहीतर वाटणीच्या वादात रक्कम कोर्टात जाऊन बसते. बटाईने दिलं असेल तर पिकाचे पैसे कसणाऱ्याचे, हे आधी बोलून घ्या.

मिळालेली रक्कम कमी वाटली तर साधा दिवाणी दावा टाकत बसू नका, कलम १६(३) खाली थेट जिल्हा न्यायाधीशांकडे अर्ज असतो, जळगाव, धुळे नाहीतर नंदुरबारला, जिथलं शेत तिथे. आधी मिळालेले पैसे 'हरकत कायम ठेवून' असं पावतीवर लिहून घ्या. मुदत तीन वर्षं, केरळच्या वीज मंडळाच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने १९७६ सालीच हे सांगून ठेवलंय, आणि आपल्याकडे लोक चौथ्या वर्षी वकील शोधतात. जिल्हा न्यायाधीशांचा निकाल अंतिम असतो, अपील नाही, फार तर रिट घेऊन हायकोर्टाच्या औरंगाबाद खंडपीठात जावं लागतं.

पुढे कधी त्याच जागी घर किंवा गोडाऊन बांधायचं निघालं तर कलम १७ खाली लाइन हलवा असा अर्जही करता येतो. आधी भरपाई घेतलेली असेल तर हलवायचा खर्च किंवा घेतलेल्या भरपाईची निम्मी रक्कम, यातली कमी असेल ती भरायची. कंपनीने ऐकलं नाही तर कलेक्टरकडे.