अपक्ष नगरसेवक पक्षात गेला, तर अर्ज कुठे करायचा?

ठाण्यात किंवा नवी मुंबईत अपक्ष निवडून आलेला नगरसेवक एखाद्या पक्षाचं उपरणं गळ्यात घालून फोटोत झळकला, की लोक तक्रार घेऊन पालिका मुख्यालय गाठतात. ती तिथेच पडून राहते, कारण नगरसेवकाला अपात्र ठरवण्याचा अधिकारच महापालिका आयुक्तांना नाही. महापालिका सदस्याचं प्रकरण बेलापूरच्या कोकण भवनात, विभागीय आयुक्तांपुढे चालतं. नगरपरिषदेचा सदस्य असेल तर जिल्हाधिकारी, आमदार असेल तर विधानसभा अध्यक्ष.

बातम्यांत ऐकू येते ती राज्यघटनेची दहावी अनुसूची, 1985 ची, ती खासदार-आमदारांपुरती. नगरसेवकांना लागू होतो तो महाराष्ट्र स्थानिक प्राधिकरण सदस्य अनर्हता अधिनियम, 1986. अपक्षाबाबत दोन्हींचं म्हणणं एकच: निवडून आल्यावर पक्षात प्रवेश केला की पद गेलं. पक्षाच्या सदस्यांना दोन तृतीयांश संख्येने विलीन होण्याची पळवाट तरी आहे (पळवाटच म्हणायची ती), एकट्या अपक्षाला तीही नाही.

पण प्रवेश केला म्हणजे नेमकं काय केलं? महापौराच्या निवडणुकीत एखाद्या पक्षाला मत दिलं, बाहेरून पाठिंबा दिला, एवढ्याने अपक्षपण संपत नाही. हरयाणातल्या अपक्ष आमदारांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2006 मध्ये हा फरक मान्य केला. मात्र त्या आमदारांची अपात्रता कायम राहिली, आणि टीव्हीवरच्या मुलाखती पुरावा म्हणून चालल्या.

खरी मेख गटनोंदणीत आहे. निकालाची अधिसूचना निघाल्यापासून एका महिन्यात नगरसेवकांना एकत्र येऊन आपला गट, म्हणजे आघाडी, नोंदवता येते, आणि नोंदलेली आघाडी निवडणूकपूर्व असल्यासारखी धरली जाते. त्या कागदावर अपक्षाची सही असेल, तर त्या आघाडीत गेल्याबद्दलचा अर्ज टिकणं अवघड. उलट आता त्याला आघाडीचा व्हिप, म्हणजे मतदान कसं करायचं याचा आदेश, पाळावा लागतो. म्हणून आधी माहितीच्या अधिकारात कोकण भवनातून गटनोंदणीची प्रत काढा.

अर्ज दुसऱ्या नगरसेवकाने केलेला बरा. नागरिकांनी आपल्या प्रभागातला एखादा तयार करावा. सोबत निकालाची अधिसूचना, अपक्ष म्हणून भरलेल्या उमेदवारी अर्जाची प्रत, प्रवेशाचे तारखेसह फोटो, चित्रफिती, कात्रणं जोडावीत. व्हिप मोडल्याची तक्रार असेल तर व्हिप, तो बजावल्याची पोच आणि नगरसचिवांकडून सभेच्या इतिवृत्ताची प्रमाणित प्रत. अर्जावर आणि प्रत्येक जोडपत्रावर सही व सत्यापन (मजकूर खरा असल्याची लेखी ग्वाही) हवं. घाईत राहून जातं ते हेच.