पैसे घेतले म्हणजे हक्क संपला? नाही

गोव्यात पेडणे-सत्तरीकडे कुणाचे भाट (नारळाची बाग) किंवा काजूची बागायत सरकारने घेतली की गावात एकच सल्ला मिळतो : ‘वाढीव मोबदला हवा तर चेकला हात लावू नका. घेतलात की तोंड बंद.’ त्यापायी कितीतरी घरांनी हक्काचे पैसे वर्षानुवर्षे तसेच पडू दिले, याचे फार वाईट वाटते.

२०१३ च्या भूसंपादन कायद्याचे कलम ७७ सरळ सांगते, की मोबदला अपुरा असल्याची हरकत नोंदवून रक्कम स्वीकारता येते. कलम ६४ खालचा वाढीचा अर्ज बंद होतो तो हरकत न नोंदवता पैसे घेतल्यावर. म्हणून पावतीवर सही करतानाच ‘रक्कम अपुरी, हरकतीसह स्वीकारली’ असे लिहा आणि प्रत जपून ठेवा.

अर्ज जिल्हाधिकाऱ्यांकडे लेखी करायचा. निवाड्यावेळी, म्हणजे ते मोबदला ठरवतात तेव्हा, तुम्ही किंवा तुमचा वकील हजर असेल तर मुदत अवघी सहा आठवडे. ही तारीख चुकवू नका.

हरकत न लिहिता पैसे घेतलेल्यांनीही हाय खाऊ नये. भूसंपादनाच्या त्याच अधिसूचनेतल्या शेजाऱ्याला, वाढीच्या अर्जावर निर्णय देणाऱ्या प्राधिकरणाने मोबदला वाढवून दिला, तर स्वतः अर्ज न केलेल्यांना कलम ७३ खाली तीन महिन्यांत तसाच मोबदला मागता येतो. जुन्या कायद्यात हीच सोय कलम २८-अ ची होती.

राष्ट्रीय महामार्गासाठी गेलेल्या जमिनीची वाट मात्र वेगळी : तिथे १९५६ च्या कायद्याखाली लवादाकडे जावे लागते.