पार्श्वभूमी : जॉर्ज केनन यांचा रशिया

फेब्रुवारी २०२२मध्ये रशियाने युक्रेनवर चढाई केली आणि अमेरिकी मुत्सद्दी जॉर्ज केनन यांचा एक जुना लेख पुन्हा फिरू लागला. नाटोचा विस्तार ही शीतयुद्धानंतरच्या काळातली अमेरिकेची सर्वांत घातक चूक ठरेल, असे त्यांनी १९९७मध्ये ‘न्यूयॉर्क टाइम्स’मध्ये लिहिले होते, तेव्हा ते ९२ वर्षांचे होते. सोव्हिएत संघाला रोखून धरण्याचे धोरण ज्यांच्या नावावर जमा आहे, ते हेच गृहस्थ.

केनन १९२६मध्ये अमेरिकेच्या परराष्ट्र सेवेत शिरले. अमेरिकेने तोवर सोव्हिएत राजवटीला मान्यताच दिली नव्हती. त्यामुळे रशियन भाषा ते बर्लिनमध्ये शिकले आणि रशियाची नाडी तपासत बसले ती शेजारच्या लाटव्हियाच्या राजधानीतून, रिगामधून. १९३३मध्ये मान्यता मिळाल्यावर मॉस्कोत वकिलात उघडायला गेलेल्यांत ते होते.

फेब्रुवारी १९४६मध्ये वकिलातीचा कारभार त्यांच्याकडे होता आणि ते सर्दी-तापाने अंथरुणात होते. वॉशिंग्टनहून विचारणा आली, सोव्हिएत सरकार जागतिक बँक आणि नाणेनिधीपासून दूर का राहते? प्रश्न साधा, पण केनन यांनी अंथरुणातूनच सुमारे पाच हजार शब्दांची तार सांगून लिहवून घेतली. क्रेमलिनचा जगाविषयीचा संशय मार्क्सपेक्षा जुना आहे, तो रशियन राज्यकर्त्यांच्या पिढीजात असुरक्षिततेतून येतो. युक्तिवादाने ते बधणार नाहीत, मात्र समोर ठाम ताकद दिसली की माघार घेतात, असा तिचा रोख होता. पुढे जुलै १९४७मध्ये ‘फॉरिन अफेअर्स’ने ‘एक्स’ या टोपणनावाने त्यांचा लेख छापला; सोव्हिएत विस्ताराला अटकाव करण्याचे धोरण त्यात मांडले होते. लेखक कोण हे लवकरच फुटले.

नामवंत अमेरिकी स्तंभलेखक वॉल्टर लिपमन यांनी त्यावर लेखमालाच लिहिली. या धोरणाने अमेरिका जगभर जिथे तिथे अडकून पडेल, हा त्यांचा आक्षेप. आपल्याला राजकीय अटकाव अभिप्रेत होता, लष्करी नव्हे, असे केनन पुढे आयुष्यभर सांगत राहिले. पण मूळ लेख इतका मोघम होता की, दोष सगळा वाचणाऱ्यांवर ढकलता येत नाही. १९५०मध्ये परराष्ट्र खात्याच्या धोरण-नियोजन विभागाच्या प्रमुखपदी त्यांच्या जागी आलेल्या पॉल निट्झ यांनी त्याच विचाराला प्रचंड शस्त्रसज्जतेचे रूप दिले. १९५२मध्ये केनन राजदूत म्हणून मॉस्कोला गेले खरे, पण तिथल्या जगण्याची तुलना त्यांनी बर्लिनमध्ये पत्रकारांपुढे नाझींच्या नजरकैदेशी केली आणि सोव्हिएत सरकारने त्यांना परत येऊ दिले नाही. मुरलेल्या मुत्सद्द्याची जीभ अशी घसरावी, हे नवलच.

मग प्रिन्स्टनला बसून त्यांनी इतिहास लिहिला, आणि माझ्या मते त्यांचे सर्वोत्तम लेखन हेच. ‘रशिया लीव्हज द वॉर’ला १९५७चे पुलित्झर पारितोषिक मिळाले. जेमतेम काही महिन्यांचा काळ, नोव्हेंबर १९१७ ते मार्च १९१८. तेव्हाची रशियन राजधानी पेट्रोग्राडमध्ये अमेरिकेचे राजदूत डेव्हिड फ्रान्सिस नुकत्याच सत्तेवर आलेल्या बोल्शेविकांना, म्हणजे लेनिनच्या कम्युनिस्टांना, मोजायला तयार नाहीत, रेडक्रॉसचे रेमंड रॉबिन्स थेट बोल्शेविक नेता ट्रॉट्स्कीला भेटताहेत, आणि वॉशिंग्टनला एकाच घटनेची दोन चित्रे मिळताहेत. पुढच्या खंडात १९१८चा अमेरिकेचा रशियातला लष्करी हस्तक्षेप येतो. कुणीच पूर्ण खलनायक नाही. गोंधळ मात्र सर्वांचा.

परराष्ट्र धोरण जाणत्यांच्या हाती असावे, लोकमताच्या लाटेवर नसावे, ही त्यांची धारणा. तिची दुसरी बाजू २०१४मध्ये प्रसिद्ध झालेल्या रोजनिशीत उघडी पडते: सामान्य मतदारांविषयी आणि स्थलांतरितांविषयी त्यांनी तिथे जे लिहिले आहे, ते त्यांच्या चाहत्यांनाही पचवणे जड जाते.